‘बोथ, सर’ हे उत्तर चुकलं नव्हतं

पत्र : मॅडम, मी साक्री तालुक्यातली, वय २३. धुळ्याला खोली घेऊन राज्यसेवेचा अभ्यास करते. गेल्या महिन्यात एका अकॅडमीत सराव मुलाखत दिली. पुढे काय करायचंय असं विचारल्यावर मी सांगितलं, आमच्या तालुक्यातल्या प्रत्येक गावात वाचनालय सुरू करायचंय. पॅनेलमधल्या सरांनी इंग्रजीत विचारलं, ही कल्पना युटोपियन आहे की क्विक्सॉटिक? मला दोन्ही शब्द माहीत नव्हते. घाबरून ‘बोथ, सर’ म्हणाले. सगळे हसले, मागे बसलेली मुलंसुद्धा. तेव्हापासून मी पुस्तकांच्या नावांवरून आलेल्या इंग्रजी विशेषणांची वही केली आहे. सव्वाशे शब्द झाले. पाठ होत नाहीत, आणि झाले तरी एकमेकांत मिसळतात. शिवाय यातली एकही कादंबरी मी वाचलेली नाही. आमच्या घरात अहिराणी, शाळा मराठी. न वाचलेल्या कादंबऱ्यांचे शब्द वापरणं ही नक्कल नाही का? की मुलाखतीआधी या सगळ्या कादंबऱ्या वाचून काढू? वहीच्या एका पानाचा फोटो सोबत पाठवते आहे.

बेटा,

तुझ्या वहीचं पान मी मोठं करून पाहिलं. पट्टीने मारलेल्या रेघा, डावीकडे इंग्रजी शब्द, उजवीकडे मराठी अर्थ. पहिल्या ओळीत क्विक्सॉटिक, समोर ‘अव्यवहारी’. दुसऱ्या ओळीत युटोपियन, समोर पुन्हा ‘अव्यवहारी’. खाली गार्गँच्युअन आणि ब्रॉबडिंगनेगियन, दोन्हींपुढे ‘प्रचंड’. त्याखाली काफ्काएस्क आणि ऑर्वेलियन, दोन्हींपुढे ‘भयानक’. मक्याच्या आणि कांद्याच्या गोणीला एकच चिठ्ठी लावली तर मार्केट यार्डात जे होईल, तेच तुझ्या डोक्यात होतंय. त्यात तुझ्या स्मरणशक्तीचा काही दोष नाही.

पण आधी त्या नक्कलेचं बोलू, कारण ते तुला जास्त टोचतंय असं पत्रावरून वाटतं.

तुझ्या एवढ्याशा पत्रात ‘कादंबरी’ हा शब्द तीनदा आलाय. बाणभट्टाची ‘कादंबरी’ वाचलीस का तू? बाणभट्ट सातव्या शतकातला, हर्षवर्धनाच्या दरबारातला. त्याने संस्कृत गद्यात एक लांबलचक प्रेमकथा लिहायला घेतली, तिच्या नायिकेचं नाव कादंबरी. कथा पुरी होण्याआधीच तो गेला, पुढचा भाग त्याच्या मुलाने लिहिला. हजारएक वर्षांनी मराठीत नव्या तऱ्हेच्या लांब गोष्टी छापल्या जाऊ लागल्या, तेव्हा त्या प्रकाराला नाव हवं होतं, आणि आपल्या लोकांनी त्या एका पुस्तकाचं नाव उचलून सगळ्यांनाच देऊन टाकलं. कन्नडमध्येही असंच झालं. बाबा पदमनजींचं १८५७ सालचं ‘यमुनापर्यटन’ ही मराठीतली पहिली कादंबरी, असं तू परीक्षेत लिहितेस, तेव्हा बाणभट्टाच्या नायिकेचं नाव तुझ्या पेनातून उतरत असतं. ती नक्कल आहे असं तुला कधी वाटलं का?

किंवा तुझ्या आजीकडे बघ. माझी आजी शाळेत कधी गेली नाही, पण दुपारी कोणी फार वेळ पडून राहिलं की म्हणायची, ‘कुंभकर्णना मायक जपेल शे.’ बांधावरून भाऊबंदांत जुंपली की ‘महाभारत’ झालं. कोणी साधी गोष्ट लांबवून सांगायला लागलं की ‘तुझं रामायण पुरे’. तिने ना वाल्मीकी वाचले, ना व्यास. तिने सप्त्यातल्या कीर्तनात ऐकलं होतं, रात्री ओट्यावर ऐकलं होतं. ग्रंथ तिच्या हातात कधी आला नव्हता, तरी गोष्ट तिच्याजवळ पक्की होती, म्हणून शब्द कुठे टाकायचा हे तिला बरोबर कळायचं. विलायतेत क्विक्सॉटिक म्हणणाऱ्या सगळ्यांनी ते जाडजूड पुस्तक पहिल्या पानापासून शेवटपर्यंत वाचलेलं असतं असं समजू नकोस. त्यांनाही ती गोष्ट अशीच कुठून कुठून मिळालेली असते.

तुझ्या वहीत शब्द आहे आणि अर्थ आहे. मधली गोष्ट तेवढी राहून गेलीय. ती घातलीस की शब्द मिसळणार नाहीत. करूनच दाखवते.

क्विक्सॉटिक तुला समजावणं मला सोपं जाणार आहे, कारण तू साक्रीकडची आहेस. ब्राह्मणवेलच्या पठारावरच्या पवनचक्क्या तू पाहिल्याच असशील. संध्याकाळी सूर्य त्यांच्या मागे असताना लांबून बघ कधी, कोणीतरी उंच माणसं हात फिरवत उभी आहेत असं क्षणभर वाटतं. स्पेनमधल्या ला मांचा या कोरड्या मुलखात पन्नाशीला टेकलेला एक गृहस्थ राहतो. त्याला जुन्या काळच्या शूर सरदारांच्या गोष्टी वाचायचा नाद. इतका, की पुस्तकं विकत घेण्यासाठी त्याने पेरणीची जमीन विकली. तू शेतकऱ्याची मुलगी असशील तर या एका वाक्यावरच थांबशील. वाचता वाचता त्याला वाटायला लागतं, आपणच सरदार आहोत, आणि जगात गांजलेल्यांना सोडवायला आपण निघालं पाहिजे. पणजोबाचं गंजलेलं चिलखत घासूनपुसून तो अंगावर चढवतो, हाडं निघालेल्या घोड्याला भारदस्त नाव देतो, शेजारच्या सांचो नावाच्या साध्या शेतकऱ्याला हाताखाली घेतो. वाटेत माळावर तीस-चाळीस पवनचक्क्या दिसतात, धान्य दळायच्या, चार पात्यांच्या. हा म्हणतो, राक्षस! सांचो ओरडून सांगतो, मालक, पवनचक्क्या आहेत त्या. ऐकतो कोण! भाला रोखून घोडा सोडतो. तेवढ्यात वारा सुटतो, पातं फिरतं, भाल्याचे तुकडे होतात आणि घोड्यासकट हा माळावर लोळत जातो. सांचो धावत येऊन उठवतो तर म्हणतो कसा, राक्षसच होते, माझ्यावर डूख धरणाऱ्या जादूगाराने ऐनवेळी त्यांच्या पवनचक्क्या करून टाकल्या.

पुस्तक ‘डॉन किहोते’, लेखक मिगेल दे सेर्वान्तेस, पहिला भाग १६०५ चा, दुसरा १६१५ चा. लेखक स्वतः लढाईत डावा हात निकामी झालेला शिपाई, पुढे पाच वर्षं अल्जीअर्समध्ये कैदेत काढलेला. शौर्याच्या गोष्टी आणि खरं रण यांतला फरक त्याला अंगावरच्या जखमेने शिकवला होता.

आता क्विक्सॉटिकपुढचं ‘अव्यवहारी’ खोड. या शब्दात हेतू चांगला असतो, धाडस खरं असतं, फक्त समोर राक्षस नसून पवनचक्की असते. ज्याच्याबद्दल वापरतात त्याच्याविषयी बोलणाऱ्याच्या मनात थोडी माया असते. एखादा लबाड पुढारी कितीही अशक्य घोषणा करो, त्याला क्विक्सॉटिक म्हणता येत नाही. आणि उच्चाराचं : स्पॅनिशमध्ये नाव ‘किहोते’ असलं तरी इंग्रजी विशेषण ‘क्विक्सॉटिक’ असंच म्हणतात. त्याला ‘किहोटिक’ करायला जाऊ नकोस.

युटोपियन वेगळाच. टॉमस मोर हा इंग्लंडमधला कायदेपंडित, राजाचा मोठा अधिकारी. त्याचं ‘युटोपिया’ १५१६ साली लॅटिनमध्ये छापलं गेलं. ते एका बेटाचं नाव. ग्रीक शब्द जोडून त्याने ते घडवलं, अर्थ होतो ‘नसलेली जागा’. पण इंग्रजीत म्हटलं की ‘चांगली जागा’ या अर्थाचा ग्रीक शब्दही तसाच ऐकू येतो. या बेटावर माणसं दिवसाला सहा तास काम करतात. घरांना कुलपं नाहीत, आणि दर दहा वर्षांनी चिठ्ठ्या टाकून घरं बदलून घ्यायची. सोन्याला इतकी कमी किंमत, की त्याची मुतारीची भांडी आणि गुलामांच्या बेड्या करतात. एकदा परदेशी वकील गळ्यात सोन्याच्या साखळ्या घालून मोठ्या थाटात येतात, आणि बेटावरच्या लोकांना वाटतं हे गुलाम आहेत. अंगावर हिरे-मोती घातलेल्या वकिलाकडे बोट दाखवून एक पोर आईला म्हणतं, बघ ना, एवढा मोठा झाला तरी लहान मुलांसारखं घातलंय. (बेड्या आहेत म्हणजे त्या चांगल्या जागेतही गुलाम आहेतच. मला ती गोष्ट कायम खटकते, आणि तुलाही खटकावी असं वाटतं.)

म्हणजे युटोपियन हा शब्द व्यवस्थेबद्दलचा. सगळं गाव, सगळा समाज असा असावा, असं जे चित्र कोणी काढतं, ते युटोपियन. क्विक्सॉटिक त्या चित्रामागे भाला घेऊन धावणाऱ्या माणसाबद्दलचा.

आता त्या खोलीत परत जा. ‘प्रत्येक गावात वाचनालय’ हे चित्र आहे. ते काढणारी तू तेवीस वर्षांची, खिशात खोलीभाड्याचे पैसे, आणि तरी निघालेली. चित्र युटोपियन, निघणं क्विक्सॉटिक. ‘बोथ, सर’ हे बरोबर उत्तर होतं. तुझ्याजवळ त्याच्या पुढची दोन वाक्यं नव्हती, एवढंच. जे हसले त्यांना तरी या दोन शब्दांतला फरक सांगता आला असता का, मला शंका आहे. तालुक्यात पुस्तकं नेऊ बघणाऱ्या पोरीला हसलेलं मला अजिबात आवडलेलं नाही.

पुढच्या वेळी तर तिसरंही उत्तर आहे. महाराष्ट्र सार्वजनिक ग्रंथालय अधिनियम १९६७ सालचा. त्याखाली गावातल्या वाचनालयाला मान्यता मिळते, अ, ब, क, ड असे वर्ग आहेत, वर्गाप्रमाणे सरकारी अनुदान आहे. सुरुवात ‘ड’ वर्गापासून. हे माहीत असलेली मुलगी पॅनेलला सांगू शकते, की सर, ही जागा ‘नसलेली’ नाही, तिच्यासाठी कायदा आहे, आणि माझ्यासमोर राक्षस नाही की पवनचक्की नाही, एक अर्ज आणि एक खोली आहे. ते मराठीत सांग. मुलाखत मराठीतून देता येते. एखादा इंग्रजी शब्द कळला नाही तर ‘सर, या शब्दाचा अर्थ मला माहीत नाही, सांगाल का’ असं सरळ विचार.

बाकीच्या जोड्या भराभर घेते. गार्गँच्युअन रॅबले या फ्रेंच लेखकाच्या ‘गार्गांतुआ’तून आला, सोळाव्या शतकातलं पुस्तक. राक्षसाएवढं बाळ जन्माला येतं, त्याच्या दुधासाठी १७,९१३ गायी लावाव्या लागतात. १८ हजार म्हणून मोकळा झाला नाही लेखक, नेमका आकडा दिलाय! दूध डेअरीवर रांगेत उभं राहिलेल्या कोणालाही या शब्दाचा आकार लगेच कळेल. खाण्यापिण्याचा, भुकेचा, खर्चाचा अवाढव्यपणा असेल तिथे तो शोभतो. ब्रॉबडिंगनेगियन सरळ काट. जोनाथन स्विफ्टच्या ‘गलिव्हर्स ट्रॅव्हल्स’मधल्या राक्षसी आकाराच्या माणसांच्या देशावरून तो आला खरा, पण बोलताना कोणी वापरत नाही. त्याच १७२६ च्या पुस्तकातला लिलिपुट मात्र ठेव. सहा इंच उंचीची माणसं, आणि शेजारच्या राज्याशी युद्ध कशावरून, तर उकडलेलं अंडं मोठ्या टोकाकडून फोडायचं की लहान टोकाकडून. म्हणून लिलिपुशियन म्हणजे नुसतं ‘लहान’ नव्हे. क्षुद्र गोष्टीवरून चाललेल्या मोठ्या भांडणाचा वासही त्याला येतो. माणसाच्या उंचीबद्दल मात्र तो कधीच वापरू नये, असं माझं स्पष्ट मत. अंड्याच्या भांडणातूनच संगणकवाल्यांनी १९८० साली ‘बिग एंडियन’ आणि ‘लिटल एंडियन’ हे शब्द घेतले. संगणकात आकड्याचे तुकडे कुठल्या टोकाकडून ठेवायचे, यावरून त्यांच्यातही वाद होता. इंजिनिअरिंगला असलेल्या कुठल्याही मैत्रिणीला विचार.

काफ्काएस्क आणि ऑर्वेलियन यांना वेगळं पान कर. ते पुस्तकांवरून आलेले नाहीत, लेखकांच्या नावांवरून आलेत. सातबाऱ्यावरचं एक चुकलेलं नाव दुरुस्त करायला माणूस फिरतो, हा टेबलवाला त्या टेबलाकडे पाठवतो, आपली चूक काय हेच कोणी सांगत नाही, आणि शेवटी आपलंच काहीतरी चुकलं असेल असं वाटायला लागतं, तो अनुभव काफ्काएस्क. ऑर्वेलियनमध्ये उलट सगळं फार व्यवस्थित असतं : सरकार तुमच्यावर नजर ठेवतं आणि शब्दांचे अर्थच फिरवतं, युद्धाला शांतता म्हणायला लावतं. लेखक जॉर्ज ऑर्वेल, जन्म १९०३ साली बिहारमधल्या मोतिहारीत. दोन्हींत भीती आहेच, पण पहिल्यात कोणी उत्तर देत नाही आणि दुसऱ्यात सगळी उत्तरं आधीच ठरलेली असतात.

एक गोष्ट माझ्या वर्गातली सांगते, कारण तीमुळेच मी असे शब्द शिकवायची पद्धत बदलली. कितीतरी वर्षं मी मुलांना सांगत होते, फ्रँकेनस्टाइन म्हणजे मानवाने बनवलेला राक्षस. एके वर्षी मागच्या बाकावरची एक अबोल मुलगी उभी राहिली. म्हणाली, मॅडम, राक्षसाला नावच नाही. फ्रँकेनस्टाइन त्याला बनवणाऱ्याचं नाव. ग्रंथालयातून पुस्तक नेऊन तिने वाचलं होतं. मी त्या रात्री बसून वाचलं. तिचंच बरोबर होतं. मेरी शेलीचं ते पुस्तक १८१८ साली आलं, तेव्हा ती वीस वर्षांची होती, तुझ्याहून लहान. बनवणारा स्वतःच्या निर्मितीकडे पाहून घाबरतो आणि तिला टाकून पळतो, दुःख तिथून सुरू होतं. आज इंग्रजीत लोक ते नाव सर्रास राक्षसालाच देतात, आणि वापराने तेही रूढ झालंय. पण गोष्ट माहीत असली की तुझं बोट राक्षसाकडे न जाता पळून गेलेल्या माणसाकडे जातं.

तुझ्या वहीच्या नावाला खरा जागणारा शब्द वेगळाच आहे. क्विक्सॉटिक, गार्गँच्युअन हे पुस्तकाचं आणि नायकाचं नाव एकच असल्यामुळे दोन्हीकडचे. पण डॉक्टर ज्याला पिकविकियन सिंड्रोम म्हणत आले, तो बघ. अतिस्थूल माणसाचा श्वास अपुरा पडतो आणि दिवसा बसल्या जागी झोप लागते. १९५६ साली अमेरिकेतल्या डॉक्टरांनी हे नाव दिलं. डिकन्सच्या ‘पिकविक पेपर्स’मध्ये, १८३६-३७ च्या, जो नावाचा एक लठ्ठ पोऱ्या आहे. खाताखाता झोपतो, दार ठोठावता ठोठावता झोपतो. पिकविक साहेबांना असला काही त्रास नाही. म्हणजे आजार जोचा आणि नाव पुस्तकाचं! आपण असतो तर ‘कुंभकर्णी आजार’ म्हटलं असतं.

आणि सेरेंडिपिटस. हा सुद्धा पुस्तकाच्याच नावावरून, आणि आपल्या फार जवळचा. सेरेंदीप हे लंकेचं जुनं फारसी-अरबी नाव. ‘सेरेंदीपचे तीन राजपुत्र’ ही कथा हॉरेस वॉल्पोल या इंग्रज लेखकाने वाचली होती, आणि २८ जानेवारी १७५४ च्या पत्रात तिच्यावरून त्याने ‘सेरेंडिपिटी’ हा शब्द बनवला. राजपुत्र वाटेने जाताना न पाहिलेल्या उंटाचं वर्णन करतात : तो एका डोळ्याने आंधळा आहे, कारण रस्त्याच्या एकाच बाजूचं, तेही खुरटं गवत खाल्लंय. शोधायला निघालेले नसतात, पण डोळे उघडे असतात. तुझ्या वहीत समोर ‘योगायोगाने’ लिहिलं असेल तर बदल. योगायोग आंधळ्यालाही होतो. इथे बघणारा डोळा लागतो.

तेव्हा वहीचं असं कर. सव्वाशेतले पंधरा ठेव. उजवीकडे तिसरा रकाना आख, त्यात अर्थ लिहायचा नाही, एक प्रसंग लिहायचा, शक्यतो तुझ्या गावातला. क्विक्सॉटिकपुढे ‘ब्राह्मणवेलच्या पवनचक्क्या, तुटलेला भाला’. लिलिपुशियनपुढे तुमच्या गल्लीत ज्यावरून दोन घरं बोलेनाशी झाली ते लिही, असं काहीतरी असणारच. ज्या शब्दापुढे प्रसंग सुचत नाही तो अजून तुझा झालेला नाही, बोलण्यात आणू नकोस. आणि एका उत्तरात असा एकच शब्द, दोन आले की ऐकणाऱ्याला वही दिसते.

सगळ्या कादंबऱ्या आत्ता वाचायच्या नाहीत. अभ्यासाचे महिने आहेत हे. फक्त ‘डॉन किहोते’च्या पहिल्या भागातलं आठवं प्रकरण वाच, पवनचक्क्यांचं, एका संध्याकाळी होतं. ही जुनी पुस्तकं प्रोजेक्ट गुटेनबर्गच्या संकेतस्थळावर फुकट मिळतात. इंग्रजी जड गेलं तर दर वाक्याला न अडखळता पुढे जा. चित्र डोळ्यासमोर आलं की काम झालं. बाकीची निकाल लागल्यावर, सावकाश. ‘युटोपिया’ लहान आहे, तिथून सुरू कर.

माझ्याकडे दोन खोकी पुस्तकं आहेत, बरीचशी मराठी, मुलांची जास्त. वाचनालयासाठी कुठलं गाव पहिलं घ्यायचं हे ठरलं की कळव. दिवाळीनंतर धुळ्याला येणं आहे, तेव्हा तुझ्या खोलीवर उतरवते. खोकी जड आहेत, जिन्यावरून चढवायला दोन मैत्रिणी थांबवून ठेव.